कापा मावशीने न केलेली सही

कापा मावशी गेली त्याला काल नववा दिवस झाला. मधातले गहू मी शिजवले होते, धिरडी शेजारणींनी आणली. कोल्ह्यांच्या फार्मच्या कचेरीतला एक माणूस पेला हातात घेऊन उभा राहिला आणि म्हणाला, कापितोलिना येगोरोव्ना एकतीस वर्षं कामाला होती, हात चांगला होता, पण बाई हट्टी. तिच्या हट्टापायी एकदा सगळ्या फार्मची शोभा झाली. सगळ्यांनी ताटात बघितलं. मीही बघितलं. मेलेल्या माणसाच्या टेबलावर भांडणं पाप आहे.

वहीत भांडायला कुणाची मनाई नाही. हट्टी होती, मान्य. आता पुढचं ऐका.

कापा मावशीचा जन्म सायबेरियात, ओब नदीकाठच्या एका गावातला. धरण झालं तेव्हा ते गाव पाण्याखाली गेलं. ती म्हणायची, माझं गाव तळाला आहे, मला आणखी खाली कोण ढकलणार? नवरा दारूत गेला, आणि मग कुठे गेला ते तिने विचारलं नाही. फार्मवर ती विशीत लागली, कोल्ह्यांना खायला घालायच्या कामावर. शाळा आठवीपर्यंत. माझ्याहून वीस वर्षांनी मोठी, भिंतीपलीकडची शेजारीण. देवळात यायची नाही. मी रविवारी डोक्याला रुमाल बांधून निघाले की फाटकातून ओरडायची, "फिसा, तुझ्या देवाला सांग, त्याला सातव्या दिवशी सुट्टी मिळाली, पण माझे कोल्हे रविवारीही खातात."

या फार्मवर कातड्यासाठीच कोल्हे पाळायचे, पण त्यातल्या दोन शेडमध्ये एका संशोधन संस्थेचं वेगळं काम चालायचं. मावशीने ते मला एका वाक्यात सांगितलं होतं: शिकवायचं नाही, निवडायचं. शंभर पिल्लांतून जी माणसाला कमी घाबरतात तेवढी ठेवायची, त्यांची पिल्लं घ्यायची, त्यांतून पुन्हा तशीच निवडायची. आजीच्या आजीच्या आजीपासून असंच. चाळीस वर्षांत अशी पिल्लं जन्माला यायला लागली, की डोळे उघडले की माणसाकडे बघून शेपूट हलवतात. कुणाच्या कपाळावर पांढरा ठिपका, कुणाचे कान लोंबते. ही झाली माणसाळलेली ओळ. समोरच्या शेडमध्ये उलटी निवड: जे जास्त चवताळतात, त्यांचीच पुढची पिढी. ती चवताळलेली ओळ. दोन्ही ओळी मावशीकडे होत्या, कारण चवताळलेल्यांकडे जायला दुसरं कुणी तयार नसायचं.

आता या कामातली कठीण गोष्ट. माणसाळलेल्या पिल्लांचे लाड करायचे नाहीत. उचलायचं नाही, थोपटायचं नाही, हातातून तुकडा द्यायचा नाही. लाड केले तर पिल्लू रक्ताने माणसाळलंय की लाडाने, ते कसं कळणार? मी एकदा मदतीला गेले असताना जाळीतून बोट आत घातलं, तर मावशीने मासळीच्या लगद्याचा डाव माझ्या मनगटावर हाणला. पिल्लं तिच्याकडे बघून कुंई कुंई करत पोटावर लोळायची, आणि ती हात पाठीमागे बांधून ओळीतून चालत जायची. एकतीस वर्षं. मी उपास केले आहेत, पण असा उपास मला जमला नसता.

पिल्लं वसंतात होतात. दर महिन्याला त्यांची परीक्षा, शेवटची नोव्हेंबरात. परीक्षा घेणारा पिंजऱ्यासमोर उभा राहतो, दार उघडतो, हात पुढे करतो. पिल्लू हुंगतं का, चाटतं का, मागे सरतं का, दात दाखवतं का, ते तक्त्यात लिहितो. पुढे आलेली पुढच्या पिढीसाठी राहतात. बाकीची डिसेंबरच्या आत, कातडं दाट असताना, जातात. जातात म्हणजे काय ते आमच्या इथे पोरांनाही माहीत आहे.

त्या वर्षी पगार पाच महिने थकले होते. परीक्षा घेणारे दोघेही नोकरी सोडून शहरात फरशा बसवायला गेले. म्हणून शेवटची परीक्षा नवे व्यवस्थापक रोदिओन ल्वोविच यांनी स्वतः घेतली. माणूस वाईट नव्हता, घाईचा होता. मंगळवार होता, थंडी उणे अठ्ठावीस, वारा नदीवरून. चवताळलेल्या ओळीची शेड फाटकाजवळ, म्हणून त्यांनी आधी तीच उरकली, आणि त्याच डगल्यात, त्याच हातमोज्यांत माणसाळलेल्यांकडे आले.

शेडच्या दारावर जुनी पाटी आहे: आधी माणसाळलेले, मग डगला आणि हातमोजे बदलून चवताळलेले. उलटं कधीच नाही. चवताळलेला कोल्हा भीतीने मुततो, बाहीवर झेपावतो, आणि तो वास बाहीत बसतो. तो वास म्हणजे पिल्लांसाठी आरोळीच. मावशी त्या वेळी लगदा दळत होती. ती शेडमध्ये पोचली तेव्हा पिल्लं कोपऱ्यात एकमेकांवर चढून बसली होती आणि तक्ता भरून झाला होता. सव्वीसपैकी अकरा पिल्लं नापास.

तक्त्याखाली दोन सह्या लागतात. एक परीक्षा घेणाऱ्याची. दुसरी ओळ सांभाळणारीची, की सगळं पाटीप्रमाणे झालं. मावशीने पेन घेतलं नाही. ती म्हणाली की पाटीप्रमाणे झालेलं नाही, पुन्हा घ्या. रोदिओन ल्वोविच म्हणाले, तक्ता नोंदला गेला, गाडी शनिवारी येणार, पिंजरे रिकामे व्हायला हवेत, खाद्य नाही. वास-बीस या बायकी गोष्टी आहेत. मग आवाज उतरवून म्हणाले की त्या अकरांत कपाळावर चांदणी असलेली एक आहे, ती तुम्हाला आवडते हे सगळ्यांना ठाऊक आहे. सही करा, ती घरी न्या, मी बघितलं नाही.

हे मला मावशीनेच सांगितलं, माझ्या स्वयंपाकघरात, कोबीचं सूप पुढ्यात ठेवून. सुपाला हात लावला नव्हता.

मी विचारलं, "मग? नेणार?"

"दहांच्या कातड्यावर बसून अकरावीला कुरवाळू?"

"चिडतील ते. निवृत्ती दीड वर्षावर आलीये तुमची."

"फिसा, तुझ्या त्या दहा आज्ञांत खोट्या साक्षीबद्दल काहीतरी आहे ना?"

मी म्हटलं, आहे. नववी.

"मग तू ती रोज वाच. मी पाळते."

मी सूप गरम करायला उठले.

दुसऱ्या दिवशी तिने कचेरीत जाऊन सांगितलं की माझी सही नाही तोवर तक्ता अपुरा, आणि अपुऱ्या तक्त्यावर पिल्लू हललं तर ज्यांनी ती पाटी लावली त्या संस्थेला मी पत्र टाकीन, आठवीच्या अक्षरात. रोदिओन ल्वोविच हसले. बाई, तुम्ही खाद्य घालणाऱ्या आहात, म्हणाले. ती म्हणाली, हो, म्हणूनच मला माहीत आहे की ही पिल्लं कुणाच्या हाताला घाबरत नाहीत. शेवटी चिडून त्यांनी अट घातली: शुक्रवारी पुन्हा परीक्षा घेतो, पण अकरांतलं एकही मागे सरलं तर तुम्ही राजीनामा लिहून द्यायचा. मावशीने शेडच्या दारावरची पाटी फडक्याने पुसली आणि कामाला गेली.

तिला साक्षीदार हवा होता. फार्मवरच्या बायका घाबरल्या, पगार आधीच अडकलेले. गुरुवारी संध्याकाळी ती माझ्या दारात आली. माझा नवरा तिखोन फार्मचीच खाद्याची गाडी चालवतो. तो टेबलावरून म्हणाला, फिसाला यात ओढू नका. मावशी त्याला म्हणाली, "तुला नाही विचारत, तू चार पेल्यांवर कशालाही साक्ष देशील. ही खोटं बोलणार नाही, हिला वर उत्तर द्यायचंय." मी गेले.

त्या शुक्रवारी मी पहाटे प्रार्थना करून, उपासाचा कोरडा ब्रेड आणि काळा चहा घेऊन निघाले. प्रार्थनेत कोल्ह्यांसाठी मागावं की नाही, हे मला कळेना. प्रलयाच्या वेळी नोहाच्या तारवात तेही होते, असं म्हणून मागितलं.

धुतलेला डगला, नवे हातमोजे, आधी माणसाळलेली ओळ. मावशी भिंतीला पाठ लावून उभी, हात मागे. पहिल्या पिंजऱ्यातलं पिल्लू दार उघडायच्या आधीच शेपूट आपटायला लागलं. दुसऱ्याने रोदिओन ल्वोविचचं मनगट चाटलं आणि बाहीत तोंड घातलं. त्यांनी हात मागे घेतला नाही, जरा जास्तच वेळ तसाच ठेवला. हेही मी बघितलं. तिसरं, चौथं, असं नऊपर्यंत. आणि मग दहाव्या पिंजऱ्यात चांदणीवाली.

ती आली नाही. हुंगलं, एक पाय पुढे टाकला, आणि कोपऱ्यात जाऊन बसली. त्यांनी नियमाइतका वेळ थांबून बघितलं, त्याहून थोडा जास्तही. ओठ वर करून तिने एक बारीक गुरगुर केली. अकराव्यानेही तसंच केलं.

शेडमध्ये सगळे माझ्याकडे बघायला लागले, जसं काही मीच ठरवणार होते. मंगळवारच्या भीतीने ती बिथरलेली राहिली असेल, असं मी म्हणू शकले असते. कदाचित खरंही असेल. मी मावशीकडे बघितलं. तिचा चेहरा उणे अठ्ठावीसमधल्या लाकडासारखा.

"दोन आली नाहीत," ती म्हणाली. "लिहा."

रोदिओन ल्वोविच तक्त्यात 'आक्रमक' लिहायला लागले. तिने त्यांच्या पेनावर बोट ठेवलं. आक्रमक काय असतं ते समोरच्या शेडमध्ये आहे, म्हणाली. ही दोन आली नाहीत, एवढंच झालं, तेवढंच लिहा. कुणाला माणूस आवडत नसेल तर त्याला शिवी कशाला? त्यांनी खोडून 'आली नाही' लिहिलं. मग तिने सही केली. ठळक, एकेक अक्षर दाबून, पूर्ण नाव आणि वडिलांचं नाव. तिच्या खाली मी केली.

शनिवारी गाडी आली तेव्हा चांदणीवालीला तिने स्वतः गाडीपर्यंत नेलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा तिने कोल्हा कुशीत घेतला, आणि त्याने तिचा अंगठा फोडला. मी रुमाल पुढे केला, तिने घेतला नाही.

मग रोदिओन ल्वोविचनी राजीनाम्याचा कागद काढला. अट आठवते ना, म्हणाले. ती म्हणाली, "अट तुमची. मी फक्त पाटी वाचली." आणि निघून गेली. सोमवारी सकाळी सहाला फाटकावर हजर. त्यांनी तिला आत घेतलं नाही. मंगळवारीही नाही. त्या दोन दिवसांत चवताळलेल्या ओळीला त्यांनी स्वतः खाऊ घातलं, लांब दांड्याच्या फावड्याने. बायका सांगत होत्या की अर्धा लगदा जाळीवर, उरलेला व्यवस्थापकांवर. दुसरं कुणी ती ओळ घ्यायला तयार होईना. बुधवारी फाटक उघडं होतं.

पण कागदावर काहीतरी व्हायलाच हवं. त्याच आठवड्यात सगळ्यांना सोव्हिएत काळापासून 'लाल कोपरा' म्हणतात त्या जुन्या सभागृहात बोलावून तिच्या नावाची कडक ताकीद वाचून दाखवली: कामात अडथळा, वरिष्ठांचा अवमान, बाहेरच्या व्यक्तीला शेडमध्ये आणणे. ती बाहेरची व्यक्ती मी. दाराशी तिखोनच्या शेजारी उभी राहून मी ऐकत होते. मावशी पहिल्या ओळीत, नमद्याच्या बुटांत, अंगठ्याला चिंधी बांधून उभी. बसायला सांगितलं तरी बसली नाही.

वाचून झालं. रोदिओन ल्वोविचनी विचारलं, काही म्हणायचं आहे?

"पुन्हा वाचा," ती म्हणाली. "मागच्या बायकांना ऐकू आलं नाही."

मागे कुणीतरी फिस्सकन हसलं, मग आणखी कुणीतरी. त्यांनी कागद बघितला, तिच्याकडे बघितलं, आणि खरंच पुन्हा वाचला, या वेळी भरभर, शब्द गिळत. अवमान हा शब्द आला तेव्हा अख्खं सभागृह हसत होतं. मावशी हसली नाही. शेवटच्या ओळीपर्यंत ताठ उभी राहून तिने ऐकलं, डोक्यावरचा रुमाल घट्ट केला, आणि म्हणाली की झालं असेल तर जाते, वाचलेली नऊ पिल्लं उपाशी आहेत.