सगळ्यात शेवटी भरणारं हाड

लाम्ब्रिनीमावशी वाचनालयाच्या गाडीची पायरी चढू लागली, की लेफ्तेरिस कपाळाला हात लावायचा. ती गाडी तोच चालवायचा आणि पुस्तकंही तोच द्यायचा. एका मंगळवाराआड गाडी डोंगर चढून आमच्या गावात यायची आणि चर्चसमोरच्या चिनाराखाली थांबायची. आम्ही बाकीच्या बायका विणकामाची, प्रेमाबिमाची पुस्तकं उचलायचो. मावशीचा प्रश्न ठरलेला.

"हाडांचं काही आणलंयस का रे?"

"मावशी, एकदा तरी स्वयंपाकाचं ने ना! लोकांना वाटेल, कुणाला तरी परसात पुरून बसलीय."

"स्वयंपाकाचं कशाला? सूप येतं मला. तेही हाडांचंच असतं."

मावशीचं शिक्षण चार यत्ता. पुस्तकात कठीण शब्द आला, की ती आमच्या अंगणात यायची. माझा नवरा शाळेत शिकवायचा म्हणून मी 'मास्तरीणबाई', पण वाचून दाखवायचं काम माझंच, कारण मास्तरांना धीर नव्हता. मी वाल सोलत वाचायची, ती विणत ऐकायची. डॉक्टर लोकांची जाडजूड पुस्तकं झाली, संतांच्या अस्थींवरची झाली, गुन्ह्यांच्या कादंबऱ्याही झाल्या. एका कादंबरीत पोलिसांना शेतात सांगाडा सापडतो, 'दुधासारखा पांढराशुभ्र'. मावशीने तिथेच सुया खाली ठेवल्या.

"या लेखकाने जन्मात हाड धुतलेलं नाही. पुढे वाच, पण माझा विश्वास उडाला."

तिला माहीत असणारच. आमच्याकडे माणूस पुरला की कायमचा पुरला असं नाही. चार-पाच वर्षांनी कबर उघडायची, घरच्या बायकांनी हाडं एकेक करून वाइनने धुवायची, उन्हात वाळवायची आणि लाकडी पेटीत घालून चर्चमागच्या अस्थिघरात ठेवायची. मेणासारखा पिवळा रंग निघाला की सगळ्या जणी सुस्कारा सोडतात, चांगला होता बिचारा. गावात कुणाचीही कबर उघडायची असली की मावशीला बोलावणं जायचं. तिचा हात हलका होता. नव्वदी गाठलेल्या म्हातारीची हाडंसुद्धा ती न्हाऊ घातल्यासारखी धुवायची.

फक्त स्वतःच्या नवऱ्याची तिला धुता आली नव्हती.

झिसिस ब्लेत्सास गवंडी होता. लग्नानंतर चौदा महिन्यांनी पुलाच्या बांधकामावरून पडला आणि गेला. तो चोवीस वर्षांचा, ती बावीसची. वर्षभराने ती जर्मनीला गेली, गावातल्या निम्म्या बायका जात होत्या तशी. तिथे एका वैद्यकीय कॉलेजात फरशी पुसायचं काम मिळालं. शेवटच्या खोलीत काचेच्या कपाटांत सांगाडे होते, प्रत्येकाच्या पायाला नंबर. एका सकाळी सासूचं पत्र आलं. 'आम्ही झिसिसला बाहेर काढला. पिवळाधम्मक निघाला. तुला रजा मिळाली नसती म्हणून कळवलं नाही.' पत्र एप्रनच्या खिशात घालून मावशी त्या खोलीत गेली आणि रोजच्यासारख्या काचा पुसू लागली.

"कुणाची तरी हाडं पुसत होते मी," ती एकदा म्हणाली, "आणि माझ्या माणसाची दुसरीच कुणी धुतली."

त्या कॉलेजातून टाकून दिलेलं हाडांच्या चित्रांचं एक पुस्तक ती घरी घेऊन आली. पुस्तकांची सुरुवात तिथली.

तेवीस वर्षांनी ती गावी परतली तेव्हा सासू गेलेली होती. अस्थिघरात गेली, तर 'झिसिस ब्लेत्सास' नावाच्या पेट्या दोन. एकीच्या वर एक.

यात नवल काही नव्हतं. आमच्याकडे थोरल्या मुलाला आजोबांचंच नाव ठेवतात. आजोबा झिसिस, त्यांना दोन मुलगे, म्हणून दोन्ही घरांत एकेक झिसिस. जिवंतपणी त्यांना 'गवंडी' आणि 'खोकल्या' म्हणायचे, पण पेटीवर असलं कोण लिहितं? दुसरा झिसिस चुलत दीर. छातीच्या दुखण्याने एकेचाळिसाव्या वर्षी गेला, बिनलग्नाचा. त्याच्या घरचे ऑस्ट्रेलियाला निघून गेले. पेट्यांवर लिहिलेली जन्म-मृत्यूची सालं ओलीने कधीच पुसली होती.

तेव्हाच्या म्हाताऱ्या पाद्र्याने वरच्या पेटीकडे बोट दाखवलं. "ही तुझी."

"उघडून बघू?"

"निजलेल्याला उठवायचं नसतं, बाई."

म्हणून मावशी वरच्या पेटीपुढे दिवा लावू लागली. सव्वीस वर्षं, दर शनिवारी. दिवा लावून तिथेच तासभर बसायची. दाराबाहेरून जाणाऱ्याला तिचं बोलणं ऐकू यायचं. मटारावर कीड पडली, मास्तरांच्या घरी नवी फरशी बसवली, हे जाकीट तुला झालं असतं बघ. मग मधेच थांबायची. "तूच आहेस ना रे?"

गेल्या वर्षी अस्थिघराचं छप्पर गळू लागलं. नवे पाद्री पापा-थोमास तरुण, तीन लेकरांचे बाप. पेट्या उतरवून कुजलेल्या बदलायच्या ठरल्या आणि हे काम त्यांनी मावशीलाच सांगितलं.

त्याआधीच्या मंगळवारी तिने गाडीतून एक नवं पुस्तक नेलं होतं. हाडांवरून माणसाचं वय कसं ओळखतात, याचं. आमच्या अंगणात मी वाचत होते. गळ्याखालचं आडवं हाड, ते शरीरातलं सगळ्यात शेवटी भरतं. छातीकडचं त्याचं टोक तिशीपर्यंत पुरतं जुळत नाही.

मावशीच्या सुया थांबल्या. "परत वाच."

मी वाचलं. तिने माझ्या हातातलं पुस्तक घेऊन त्या ओळीखाली पेन्सिलीने रेघ मारली.

"अगं, वाचनालयाचं आहे!"

"असू दे. त्याचं ते हाड मोडलेलं होतं. सोळाव्या वर्षी खेचरावरून पडला तेव्हा. डावीकडचं. वेडंवाकडं जुळलं होतं, वर एक गाठ आली होती." तिने स्वतःच्या गळ्याखाली दोन बोटं ठेवली. "झोप लागेपर्यंत माझी बोटं तिथंच असायची. ती गाठ हाताला कशी लागते, हे दुसऱ्या कुणाला माहीत नव्हतं. त्याच्या आईलासुद्धा नाही."

त्या शनिवारी सकाळी अस्थिघरापुढच्या अंगणात चादर अंथरली. पापा-थोमासनी प्रार्थना म्हटली. मी वाइनचा तांब्या धरून उभी होते. मावशीने आधी वरची पेटी उघडली. कवटी बाजूला ठेवली, चाचपत डावीकडचं ते हाड काढलं. दोन बोटं त्यावरून फिरवली. मग टोकावरून अंगठा.

हाड सरळ होतं. टोक गुळगुळीत, पुरं भरलेलं.

"हा नाही," ती म्हणाली आणि खाली बसली.

 पापा-थोमास खाकरले. "मावशी, देवाघरी सगळे सारखेच."

"पापा, हे घरी जाऊन बायकोला सांगून बघा."

मला हसू आलं आणि रडूही. मावशीने ते हाड हातात तसंच धरलं होतं. "भावोजी, माफ करा हं. सव्वीस वर्षं डोकं खाल्लं तुमचं. एकदाही म्हणाला नाहीत, बाई, दार चुकलीस."

मग खालची पेटी. तिची लाकडं हातातच सुटली. या वेळी तिने बघितलंच नाही, डोळे मिटून बोटं घातली. बोटं थांबली.

गाठ होती. एका टोकावर दुसरं चढलेलं, सुताराने घाईत जोडल्यासारखं. तिची बोटं त्यावर बरोब्बर बसली, पन्नास वर्षांपूर्वी बसायची तशीच असणार. पण अंगठा छातीकडच्या टोकाशी गेला तेव्हा तिने डोळे उघडले. ते टोक खडबडीत होतं, नुकत्याच नांगरलेल्या शेतासारखं बारीक बारीक सऱ्यांचं.

"मास्तरीणबाई, ती ओळ काय होती गं?"

"तिशीपर्यंत भरत राहतं."

"म्हणजे हे अजून वाढतच होतं."

मी तांब्या खाली ठेवला.

"म्हातारी झाले मी," ती म्हणाली. "आणि याचं अजून व्हायचंच होतं."

मग तिने दोघांनाही धुतलं. आधी भावोजींना, नीट, घाई न करता, कारण त्यांचं दुसरं कुणी नव्हतं. नंतर झिसिसला. वाइन कमी पडली तेव्हा पापा-थोमास घरातून आपली घेऊन आले. उन्हात चादरीवर दोघं शेजारी शेजारी वाळत होते, पिवळेच, मेणासारखे. संध्याकाळी नव्या पेट्यांत ठेवताना तिने नावांपुढे 'गवंडी' आणि 'खोकल्या' असं लिहायला लावलं. पाद्र्यांनी दुसऱ्या शब्दाला कुरकुर केली. ती ऐकेना.

गाडीच्या पुढच्या फेरीला लेफ्तेरिसने पेन्सिलीची रेघ बघितली आणि तोंड उघडलं. मी डोळ्यांनी खुणावलं, तेव्हा तो गप्प बसला.

"आज काय देऊ मावशी? हाडांचं एक नवं आलंय."

"तेच परत दे," ती म्हणाली. "अजून माझं वाचून झालं नाही."

आता शनिवारी अस्थिघरात दोन दिवे असतात. वरच्यापुढे ती बाजारभाव, पाऊसपाणी सांगते. खालच्यापुढे बोलत नाही. पेटीच्या फळीवर डावीकडे, जरा वरच्या अंगाला दोन बोटं ठेवून बसते.