अ‍ॅनिका मॅडम रडल्या तेव्हा

शूटिंगच्या युनिटवर किस्से गोळा करावे लागत नाहीत. क्रांती चौकात चहाला उभं राहिलं, की कुणीतरी पहिला सोडतो आणि मग थांबायचं नाव नाही. पण पाचोड गावातल्या शूटिंगचा विषय निघाला, की आमचा ड्रायव्हर सलीमभाई हल्ली ग्लास ठेवून उठतो.

*

स्वीडनच्या टीव्हीवर गाजलेल्या अ‍ॅनिका मॅडम आल्या होत्या. परक्याच्या घरी राहायचं आणि जे घडेल ते दाखवायचं, असा कार्यक्रम. मी लोकल कोऑर्डिनेटर.

सलीमभाईनं विचारलं, "हिरोईन है क्या?"

म्हटलं, "नाही रे, त्या स्वतः म्हणूनच दिसतात."

"अरे! मेरी बीवी बी तो दिनभर खुदीच रहती! उसकू कोन पूछता?"

*

घर ठरलं पाचोडच्या कुसुमकाकूंचं. त्यांचा एकुलता एक नंदू स्वीडनलाच इंजिनिअर. कित्येक वर्षांत आला नव्हता, फोनही आटले होते. काकूंचा एकच प्रश्न, "माझा नंदू बघंल ना मला?"

मी म्हटलं, "बघणार म्हणजे! तिथं घराघरात बघतात!"

*

मॅडम दारात आल्या. काकूंनी भाकरतुकडा ओवाळून लांब फेकला. कॅमेऱ्याचा अँगल चुकला. डायरेक्टर ओरडला, "वन मोर!"

काकू उखडल्या, "टाकलेला तुकडा उचलून परत ओवाळू? काढलेली दृष्ट परत तिलाच लागंल की!"

शॉट राहिला तो राहिलाच.

*

दुसऱ्या सकाळी काकू पैठणी नेसून भाकरी थापायला बसल्या. डायरेक्टर वैतागला, "नॉर्मल राहायला सांगा यांना!"

काकू म्हणाल्या, "पावणे आल्यावर आमच्यात हेच नॉर्मल हाय!"

*

निरोपाच्या दिवशी मॅडमनी माझ्यामार्फत विचारलं, "मुलाला काय सांगाल?"

काकू कॅमेऱ्याकडं बघत म्हणाल्या, "नंदू, मला काय बी नको. एकदा येऊन जा, बाबा." आणि त्यांना हुंदका फुटला. मॅडमही ढसाढसा रडल्या. कॅमेरामन झटकन मॅडमकडं वळला. त्याचं कामच ते, पण मला अजून सलतं. तेव्हा कुणीच त्याला हटकलं नाही.

*

एपिसोड आला तेव्हा मी आणि सलीमभाई लॅपटॉप घेऊन पाचोडला गेलो. निरोपाला स्क्रीनभर मॅडमच! काकूंचा नुसता आवाज, त्यावरही कुणा बाईचं स्वीडिश चढवलेलं.

तेवढ्यात फोन वाजला. नंदू! काकूंनी घाईघाईनं स्पीकर लावला.

"आई, बघितला गं कार्यक्रम! त्या मॅडम किती रडल्या! मला लई वाईट वाटलं. बोलणं झालं तर सांग त्यांना."

काकू म्हणाल्या, "सांगते. तू जेवलास का?"