मलकापूरच्या कापूसगाड्यांचं रीळ

मुंबईत माहितीपट करणाऱ्या एका दिग्दर्शकाकडे मी तेव्हा नोकरीला होते. कापसावरच्या माहितीपटासाठी त्यांना स्वातंत्र्याआधीचं मलकापूर हवं होतं, सरकी काढणाऱ्या जिनिंग कारखान्यासमोर लागलेल्या बैलगाड्यांचं हलतं चित्र. सरकारी संग्रहात काही सापडलं नाही. "फोटोंवर भागवू," ते म्हणाले. मी त्याच भागातली, वरवट बकालची. मलकापूरच्या एका कापूस व्यापाऱ्यानं हौसेनं सिनेमाचा कॅमेरा आणला होता, हे लहानपणी ऐकलेलं. थोडी मुदत मागितली आणि गाडी पकडली.

व्यापारी वारले होते. त्यांच्या मुलानं दारातच अडवलं. "रीळ हाय, पन भेटनार नाही. घरच्या बाया हायेत त्यात. त्यायले टाकीजमधी दाखवनार काय तुमी?"

"मला फक्त गाड्या हव्यात."

"नाही म्हंजे नाही."

दुसऱ्या दिवशी पुन्हा गेले. तो दुकानात होता. त्याच्या आईनं पाणी दिलं. "कुठची वं तू?"

"वरवटची. त्या रिळासाठी आली, काकू."

काकू समोर बसल्या. "आमा बायायले कॅमेऱ्यापुढं उभं केलं, अन सिनेमा दाखवला गड्यायले. मी अजून पाह्यला नाही. आधी मले दाखव, मंग बोलू."

शाळेतून प्रोजेक्टर मागून आणला. काकूंनी काढून दिलेला रिळाचा डबा उघडताच आंबट वास आला. फिल्म आकसली होती. मशीनचे दात तिच्या भोकांत बसेनात, आणि काही क्षणांत ती तुटली.

"तुटली?" काकूंनी विचारलं.

"जोडता येते," मी म्हटलं आणि मशीन बंद केलं.

मग खिडकीशी बसलो. एक टोक काकूंच्या हातात, दुसरं माझ्या. उजेडात धरून, भिंगातून एकेक चित्र पाहत गेलो. मान भरून आली, पण थांबले नाही. दुपार कलताना गाड्या दिसल्या, रांगच्या रांग. त्यांच्यापुढे कापसाच्या ढिगावर बसलेली एक सून, पदर घसरलेला, खळखळून हसणारी.

काकू कितीतरी वेळ भिंगावरून उठल्या नाहीत. "दात कसे दिसून राह्यले माहे!" मग म्हणाल्या, "ने. मले पन ठेव त्यात. पोराचं मी पाहून घेईन."

मुंबईच्या लॅबनं कुरकुर केली, तरी हातानं एकेक चित्र सरकवून नक्कल काढून दिली. दिग्दर्शक हसणारी सून कापायला निघाले. "विषय कापूस आहे."

"ती कापसावरच बसलीय," मी म्हटलं. दोन दिवस भांडले. ती राहिली.

मूळ रीळ आणि नक्कल घेऊन मी मलकापूरला परतले. खिडक्यांना घोंगड्या लावून भरदुपारी गल्लीतल्या बायकांना नक्कल दाखवली. मशीनपाशी काकूंचा मुलगा उभा होता. सगळ्या उठून गेल्यावर त्यानं हळूच विचारलं, "बाबा दिसतात काय कुठं?"

"नाही. ते कॅमेऱ्यामागे होते."

त्यानं मान हलवली. "अजून एकडाव लावा," म्हणाला.