बांधावरची तिरडी

कादंबरीकार म्हणजे जाड चष्मा, पुण्यात घर आणि बोलण्यात सारखं 'अस्तित्व', अशी महाडात बसून माझी ठाम समजूत होती. नव्वदीच्या दशकात पोलादपूरच्या वरच्या एका वाडीत मास्तर म्हणून माझी बदली झाली आणि पहिल्याच शनिवारी एक कादंबरीकार समोर आला. डोक्यावर म्हशीच्या पेंडीचं पोतं, हातात चपला. आठवडाभर पोलादपूरला कचेरीत कारकुनी आणि सुट्टीला वर आईकडे. आई अंथरुणाला खिळलेली. तिचं खाणंपिणं, कूस बदलणं, सगळं शेजारच्या बायका बघत.

तोवर त्याच्या दोन कादंबऱ्या छापून आल्या होत्या आणि वाडीत कुणाला गंधही नव्हता. पहिलीत कशेडी घाटात दरड पडते, मुंबईहून गावी निघालेलं प्रेत अडकतं, आणि ताटकळलेले नातेवाईक त्याच गाडीत एक सोयरीक जमवून मोकळे होतात. शाळेच्या ओट्यावर बसून मी ती वाचली. माणूस मेलाय आणि आपण पोट धरून हसतोय! मला माझीच लाज वाटली. मीही चार कथा लिहून ठेवल्या होत्या. त्या गुपचूप चुलीत घातल्या.

"हे सुचतं कसं हो तुम्हाला?" मी विचारलं.

"सुचतंय कुठलं? मी नुसता तिथं बसलेला असतो."

डोंबल! तिथं तर आम्हीही बसलेलो असतो.

तिसरी कादंबरी आली आणि घोळ झाला. शिमग्याला मुंबईहून आलेल्या एकाने ती वाचली आणि गावकीच्या म्होरक्याला, म्हणजे आमच्या म्हातारबांना, जाऊन सांगितलं, "ह्याच्यात तुम्हाला मारलाय."

रविवारी दुपारी देवळापुढे गावकी बसली. कादंबरीकाराला वाळीत टाकायचं, असा बऱ्याच जणांचा सूर होता. एकदा वाळीत टाकला की त्याच्या घरात कुणी पाऊल टाकणार नव्हतं. म्हणजे म्हातारीला पाणी पाजायलाही कुणी नाही आणि उद्या ती गेली तर खांद्याला चौघं नाहीत. तो मान खाली घालून बसला होता. माफी मात्र मागेना. मला त्याचा असा राग आला! अरे, आईसाठी तरी माग!

म्हातारबा कडक, पण न्यायाचे. "न ऐकता कुणाला दोष द्यायचा नाय. गुरुजी, वाचा."

मी वाचू लागलो. गावकीचा म्होरक्या मरतो. त्याची तिरडी चढावरून नेताना चौघं दमतात आणि ती नेमकी शेजाऱ्याच्या बांधावर टेकवतात. हा म्होरक्या जन्मभर त्याच शेजाऱ्याचा बांध कोरत, वीतवीत जमीन आपल्याकडे ओढत आलेला. खऱ्या म्हातारबांचीही तीच ख्याती होती आणि वीस वर्षं अबोला धरलेला त्यांचा खरा शेजारी समोरच तंबाखू मळत बसला होता. पुढचं पान गाळावं म्हणून मी दोन पानं एकत्र उलटली. कादंबरीकाराने मान वर करून नुसतं पाहिलं. मी मुकाट मागे आलो आणि वाचलं. कादंबरीतला शेजारी धावत येतो नि ओरडतो, "उचला रे ह्याला! मेल्यावर पण बांध कोरतोय!"

आधी बायका फिसकल्या. मग सगळी गावकी हसत सुटली. एकजण तर भांडायलाच उठला, "ह्याच्यात मी का नाय?" हसले नव्हते फक्त दोघं, म्हातारबा आणि त्यांचा शेजारी.

"पुढं?" म्हातारबा म्हणाले. "उचलला का नाय मला?"

"उचलला. त्या शेजाऱ्यानेच खांदा दिला."

म्हातारबांनी एकदा शेजाऱ्याकडे पाहिलं. मग कादंबरीकाराला म्हणाले, "तुझ्या आयशीला आम्ही बघू. माझ्या टायमाला तू हजर पायजेस."

बैठक संपली.

म्हातारीला शेवटपर्यंत गावाने सांभाळलं. ती गेली आणि दोनेक वर्षांनी म्हातारबा गेले. एव्हाना कादंबरीकाराला शहरात सत्कारांना बोलवत होते, पण तो कबूल केल्याप्रमाणे आला. पुढच्या डाव्या खांद्याला तो आणि मागे मी. बांधापाशी चौघंही थांबलो. दमलं कुणीच नव्हतं. कुणी काही न बोलता तिरडी टेकवली.

शेजारी बांधाच्या पलीकडे उभा होता. हलेना. मग तो सावकाश पुढे आला आणि चिरक्या आवाजात म्हणाला, "उचला रे ह्याला. मेल्यावर पण बांध कोरतोय." एवढं बोलून त्याने मला बाजूला सारलं आणि खांदा दिला.

सगळे हसले. हसताहसता धाय मोकलून रडले. आयुष्यात मी असं काही पाहिलेलं नाही. कागदावरच्या चार ओळी आणि त्यांच्यामागून चालत आलेला जिवंत माणूस!

उतरताना मी कादंबरीकाराला विचारलं, "तो येईल हे तुम्हाला तेव्हाच कळलं होतं?"

त्याने बाहीने डोळे पुसले.

"छे हो. अख्ख्या पुस्तकात कधीच घडणार नाही असं तेवढंच होतं. म्हणून तर विनोद म्हणून लिहिलं."