टेलिफोनवाली सुगंधा

सुगंधा मयेकर नाटकात मोलकरीण व्हायची. पडदा उघडतो तेव्हा रंगमंचावर कुणीतरी खुर्च्या पुसत असतं ना, ती सुगंधा. पहिल्या अंकात केर काढायचा, दुसऱ्यात चहा आणायचा, तिसऱ्यात मालकिणीवर एकदा खेकसायचं आणि हशा घेऊन आत जायचं. हशा ती हमखास घ्यायची. अख्खं नाटक पडलं तरी सुगंधाचं वाक्य पडत नसे.

पण तिला व्हायचं होतं गायिका. हे ती कुणाला सांगत नसे. सांगितलं की लोक म्हणत, मग गा की काहीतरी; आणि ती गायला लागली की घाईघाईने गावाकडच्या माणसांची खुशाली विचारत. तिने भांडी घासता घासता गुणगुणायला घेतलं की नवरा, सहदेव, उठून वाकोल्याच्या नाक्यावर जाऊन उभा राही. गिरणीचा संप फसल्यावर तो साकीनाक्याच्या एका वर्कशॉपात चिकटला होता. दिवसभर लोखंडाचा खणखणाट ऐकून आलेल्या माणसाला घरी दुसरा नको असायचा. एवढं होऊनही सुगंधाला स्वतःच्या गळ्याची शंका आली नाही. देवाने तिला कान देताना हात आखडता घेतला होता आणि हौस मात्र ओंजळ भरभरून दिली होती.

पंच्याऐंशीच्या सुमारास घरोघरी टेपरेकॉर्डर आले. अंधेरीला पंखे आणि मिक्सर विकणाऱ्या श्यामसुंदर कोरगावकरांनी पंखे मागच्या खोलीत सारले आणि कॅसेटची कंपनी काढली. त्यांना मराठीत डिस्को हवा होता. पार्ल्याच्या एका प्रयोगात सुगंधाने घेतलेला हशा ऐकून ते मध्यंतरात मेकअपच्या खोलीत आले आणि म्हणाले, "सुगंधाताई, गाता का?"

हा प्रश्न तिला उभ्या जन्मात कुणी आपणहून विचारला नव्हता. हो म्हणताना तिला रडू आलं आणि मोलकरणीचं काजळ गालावर उतरलं.

गाणं होतं 'लाव रे राजसा, लाव टेलिफोन'. यातला 'फोन' उंच चढवायचा होता. सुगंधा मोठ्या जिद्दीने चढायला निघाली, मध्येच घसरली, आणि घसरली त्याच जागी आनंदाने ठाण मांडून बसली. स्टुडिओच्या काचेपलीकडे चाल लावणारा बाळ सोमण कपाळाला हात लावून उभा राहिला.

"साहेब, परत घेऊ. बाई पोचल्याच नाहीत."

श्यामसुंदरांनी वादकांकडे बोट दाखवलं. एक जण व्हायोलिन मांडीवर ठेवून डोळे पुसत होता. दुसऱ्याने तोंडात रुमाल कोंबला होता.

"राहू दे," श्यामसुंदर म्हणाले. "याला हात लावायचा नाही. झकास आहे, एकदम झकास!"

सुगंधाने काचेतून ते डोळे पुसणं तेवढं पाहिलं. घरी येऊन तिने सहदेवला सांगितलं, "वाजवणारेसुद्धा रडले हो."

त्या वर्षीच्या गणपतीत लोकांनी गाणं डोक्यावर घेतलं. घाटकोपरपासून बोरिवलीपर्यंत एक मांडव सुटला नाही. पोरं नाचायची, 'फोन' जवळ आला की थांबायची, सगळी मिळून तिच्यासारखीच बेसूर किंचाळायची आणि हसत एकमेकांच्या अंगावर पडायची. सोसायट्या कार्यक्रमाला बोलावू लागल्या. सुगंधा चमकीचा पॅन्ट-शर्ट घालून माईकसमोर उभी राही, आणि समोरची गर्दी तिच्याबरोबर 'फोऽऽऽन' करून बोंब ठोकी. हशा व्हायचा, नाही असं नाही. पण हशाची तिला जन्माची सवय होती. गाणं गमतीचं आहे, तेव्हा लोक हसतात गाण्याला आणि टाळ्या देतात आवाजाला, अशी तिने आपली वाटणी करून टाकली होती. शहाणी बाई, पण स्वतःच्या बाबतीत ठार आंधळी.

सहदेवला खरं ठाऊक होतं. वर्कशॉपात जेवणाच्या सुट्टीत रोज कुणीतरी डब्याचं झाकण कानाला लावून त्याच्या बायकोची नक्कल करायचं. सुरुवातीला तो मान खाली घालून जेवायचा. मग घरात रंगीत टीव्ही आला, चाळ सोडून सांताक्रूझला ब्लॉक घ्यायचं ठरायला लागलं, तसा तोही नक्कल बघून हसायला लागला. एकदा तर त्यानेच करून दाखवली, आणि ती सगळ्यांत चांगली झाली.

दुसरी कॅसेट करायचं ठरलं तेव्हा सुगंधाच्या मनाने वेगळंच घेतलं. लोक एवढा जीव लावतात, तर आपणही थोडे कष्ट घ्यावेत.

"गाणं शिकेन म्हणते," ती जेवताना म्हणाली.

सहदेवचा घास हातातच राहिला. "कित्याक गो? गातंस तसाच गा. लोकांका आवाडता ना?"

"म्हणूनच तर," सुगंधा म्हणाली.

मुलुंडला उत्तराबाई साने शास्त्रीय गाणं शिकवत. कडक बाई, चांगल्या घरच्या मुली त्यांच्याकडे येत आणि डोळे पुसत घरी जात. त्यांनी दार उघडलं, सुगंधाला ओळखलं आणि उंबऱ्यातच उभं ठेवलं.

"आमच्या सोसायटीत तुमचं गाणं लावून पोरं गडबडा लोळतात," त्या म्हणाल्या. "लोक तुमच्या बेसूरपणाला हसतात, एवढं तरी ठाऊक आहे ना तुम्हाला?"

"गाणंच गमतीचं आहे ते," सुगंधा म्हणाली.

"गाणं बरं आहे. गमतीच्या तुम्ही आहात."

आत चटईवर बसलेल्या मुली फिसकन हसल्या. ते हसणं सुगंधाने ऐकलं आणि त्यासरशी तिला मागची सगळी हसणी ऐकू आली: मांडवातली, मैदानांतली, काचेपलीकडची. व्हायोलिनवाल्याचे ओले डोळे आठवले. दुसरी कुणी असती तर जिना उतरून गेली असती. सुगंधाने विचारलं, "मला शिकवाल का?"

उत्तराबाईंनी तिला आपादमस्तक पाहिलं. "चपला बाहेर काढा."

मग नुसता सा. महिनेच्या महिने सा. दहा-बारा वर्षांच्या पोरींच्या मागे बसून, बाईंची बोलणी खात, टोमणे पचवत सुगंधा तंबोऱ्याशी आवाज जुळवत राहिली. नाटक कंपनीने तिच्या जागी दुसरी मोलकरीण घेतली, तेही तिने मनावर घेतलं नाही. कार्यक्रम ती 'घसा बसलाय' सांगून पुढे ढकलत होती. एके दिवशी सा लावला आणि तो तंबोऱ्यात असा मिसळला, की तिला स्वतःचा आवाज निराळा ऐकूच येईना. ती घाबरून थांबली. उत्तराबाईंनी या वेळी टोमणा मारला नाही. त्यांच्याकडे तेवढंच कौतुक मिळायचं, पण सुगंधाला ते आयुष्यभर पुरण्यासारखं वाटलं.

पण कान उघडला तो चांगल्या-वाईटाला सारखाच उघडला. पुढच्या गणपतीत गल्लीच्या तोंडाशी भोंगा लागला, आणि सुगंधाने स्वतःला पहिल्यांदा ऐकलं. तो 'फोन' अंगावर आला. सकाळी आरती झाली की तो, दुपारी तो, संध्याकाळी तर परत परत तोच. तिने कानांत कापूस घातला. मोरीत नळ सोडून बसली. शेजारची शेवंती कौतुकाने दार वाजवायची, "अगं सुगंधा, तुझंच लागलंय ना! बाहेर येऊन ऐक की!" विसर्जनापर्यंत तिला दोन घास गोड लागले नाहीत. एकच आशा होती: नवी कॅसेट येईल, लोक खरा आवाज ऐकतील आणि हे पुसलं जाईल.

रेकॉर्डिंगला ती साधी साडी नेसून गेली. नव्या कॅसेटमध्ये आधी तेच टेलिफोनचं गाणं नव्याने घ्यायचं होतं. पहिल्याच टेकला सूर जिथे लागायचा तिथे लागला. बाळ सोमणने हेडफोन काढून ठेवले आणि म्हणाला, "बाई, पोचलात."

श्यामसुंदरांचं तोंड उतरलं होतं. "हे काय करून बसलात, ताई? असं तर कुणीही गातं!"

"सुरात आहे," सुगंधा म्हणाली.

"तेच म्हणतोय मी. पहिल्यासारखं द्या."

ती नटी होती. तिने प्रयत्न केला. घसरल्याचं सोंग केलं, आवाज फाडला, तोंड वेडंवाकडं केलं. वादक घड्याळाकडे बघत होते. एकालाही हसू फुटलं नाही. ज्या आवाजाची तिला गणपतीपासून किळस वाटत होती, तो आता मागूनही मिळेना.

घरी सहदेवने थाळी सरकवली. "वाट लावलंस. सगळी वाट लावलंस. ब्लॉकचां काय करू आता? तुका कोणी सांगितलेलां सुधारूक?"

नवी कॅसेट तरीही आली. वर सुगंधाचा फोटो, सुगंधाचं नाव, आणि आत गाणारी जया, उत्तराबाईंची सगळ्यांत तयार शिष्या. तिने असा काही सूर चुकवला होता की ऐकणाऱ्याला सुगंधाच वाटावी. सुगंधा तशीच तडक मुलुंडला गेली.

"तुम्हाला माहीत होतं?"

"मीच पाठवलं," उत्तराबाई तंबोऱ्याची तार पिळत म्हणाल्या. "बापाविना पोर आहे, चार कामं मिळतील. आणि इतकं नेमकं बेसूर गायचं तर गळा फार तयार लागतो. तुमचा अजून तेवढा नाही. उद्या वेळेवर या."

ती परत गेली नाही. कार्यक्रमांना मात्र गेली. सहदेवने तारखा परस्पर देऊन टाकल्या होत्या. चेहरा तिचाच लागणार होता. टेप लावायची, हिने ओठ हलवायचे. "नसात तर जा, परत खुर्चये पूस," तो म्हणाला. आता खुर्च्या पुसायलाही कुणी बोलावत नव्हतं.

पहिला कार्यक्रम मुलुंडलाच होता, एका मोठ्या मैदानात. चमकीचा पॅन्ट-शर्ट तिला सैल झाला होता. तिचा माईक बंद होता, वादक हात नुसते फिरवत होते, आणि तिच्या कोपराशी बाळ सोमण वायर न जोडलेल्या ऑर्गनवर बोटं नाचवत बसला होता. पहिल्या रांगेत सहदेव होता. टेप सुरू झाली. 'फोन' जवळ आला तसं मैदान उठून उभं राहिलं, आणि जयाचा आवाज ठरल्या जागी घसरला. हजारो माणसं खदखदून हसली. सहदेव तिच्यादेखत पहिल्यांदाच तोंड उघडं टाकून हसला.

सुगंधाने डोळे मिटले आणि बंद माईकमध्ये तो 'फोन' खऱ्या आवाजात लावला. स्वच्छ लागला, अगदी हवा तिथे. तिने तो सोडला नाही. अंगावर काटा आला. दुसऱ्या कडव्यानंतर परत लावला, अजून मोकळा.

बाळ सोमण ऑर्गनवरून तिच्याकडे झुकला. त्याने ऐकलं होतं. गर्दीकडे बघत, चेहऱ्यावरचं हसू तसंच ठेवून तो हळूच म्हणाला, "बाई, ओठ नुसते हलवा. पुढच्या रांगेत सूर ऐकू येतोय."

तिसऱ्या कडव्यानंतर 'फोन' आला तेव्हा सुगंधाने ओठ नुसते हलवले.