मामांचा शिवणवर्ग

उभ्या बुलढाणा जिल्ह्यात माझ्या थोरल्या मामांनी जेवढे वर्ग केले, तेवढे दुसऱ्या कोणी केले नसतील. आणि तरी त्यांच्या घरात एक दाखला शोधून सापडला नसता. चौथीतून शाळा सोडलेला हा माणूस पुढे जन्मभर विद्यार्थीच राहिला. महाराष्ट्र राज्य नवं नवं झालेलं, तालुक्याच्या गावी रोज उठून कसला ना कसला वर्ग निघत होता, आणि निघेल त्या वर्गात पहिल्या बाकावर, धोतर सावरून मांडी घातलेले आमचे मामा ठरलेले. उंद्रीत त्यांचा भाजीचा मळा. सकाळी वांगी-मिरच्यांच्या टोपल्या भरून झाल्या की आंघोळ, कपाळाला अष्टगंध, नव्या वहीच्या पुठ्ठ्यावर हळदकुंकू आणि चिखलीची एसटी. मी तेव्हा उंद्रीच्या शाळेत शिक्षक म्हणून नुकताच लागलो होतो आणि मामांकडेच राहत होतो, त्यामुळे त्यांचे प्रवेशाचे अर्ज लिहिण्याचं काम आपसूक माझ्याकडे आलं. 'शिक्षण' या रकान्यात काय लिहू, असं विचारलं की ते शांतपणे म्हणायचे, "चालू हाये म्हनून लिही."

अडचण एकच होती. मामा प्रत्येक वर्ग पाऊणच करत. परीक्षेची तारीख फळ्यावर लागली रे लागली, की मळ्यात काहीतरी निघायचंच. बैलाचा खूर दुखायचा, मोटेचा नाडा तुटायचा, नाहीतर मिरचीवर कीड पडायची आणि ती फक्त मामांनाच दिसायची. त्यामुळे त्यांची प्रत्येक विद्या शेवटच्या धड्याच्या अलीकडे येऊन थांबलेली. मधमाशा पाळण्याच्या वर्गात ते माशा पेटीत आणायच्या कशा, सांभाळायच्या कशा इथवर पोचले. मध काढायचा धडा शेवटच्या आठवड्यात होता. तीन वर्षं त्यांच्या बांधावर पेटी होती आणि त्या पेटीतल्या माशांइतक्या सुखी माशा मी पाहिल्या नाहीत. कोणी मधाची चौकशी केली की मामा म्हणत, त्याइनंच जमा केला, त्याइलेच खाऊ द्या. वायरमनच्या वर्गाला गेले तेव्हा गावात वीज यायची होती. मामांनी घरभर पट्ट्या ठोकून वायर फिरवली, बटणं बसवली, आणि रोज दिवेलागणीला कंदील पेटवण्याआधी घरातली झाडून सगळी बटणं एकदा दाबायचा नेम धरला. सवय राहावी म्हणून. पाहुणा आला की कोणतं बटण कोणत्या दिव्याचं हे त्याला नीट समजावून मगच त्याच्या हातात कंदील देत. हिंदीच्या वर्गाचा फायदा बैलांना झाला. आठवडाभर ते बिचारे 'चलो' आणि 'रुको' या दोन शब्दांत गोंधळून उभे राहत.

मीही सुरुवातीला या सगळ्याची यथेच्छ थट्टा केली. मग एक दिवस मिरच्या खुडताना मामीने मला खरी गोष्ट सांगितली. चौथीच्या परीक्षेला शाळा तपासणारे डिप्टीसाहेब आले होते. मामांचे तिसापर्यंत पाढे पाठ, सगळ्या वर्गात हुशार. साहेबांनी त्यांना उभं केलं आणि आधी नाव विचारलं. घाबरलेल्या मामांना ते सांगता येईना. पोरं हसली, मास्तर हसले, शेवटी साहेबही हसले. मामांनी पाटी उचलली, सरळ मळ्यात जाऊन मोटेच्या बैलांमागे लागले, ते पुन्हा शाळेकडे फिरकले नाहीत. "तवापासून कोनी साहेब समोर बसला का त्याइची जीभ टाळूले चिकटते," मामी म्हणाली. त्या दिवसापासून बैलाच्या खुराची थट्टा मी बंद केली. मला स्वतःची लाज वाटली होती.

मग चिखलीला सरकारी शिवणवर्ग निघाला. बाया-माणसं दोघांसाठी, चार महिन्यांचा, दुपारी भरणारा. मामा पहिला महिनाभर एक दिवस न चुकता गेले. माप घ्यायला शिकले आणि घरात कोणी सुटलं नाही. मामी, मी, शेजारचे आजोबा, एवढंच काय गाईच्या वासराच्या छातीचंही माप त्यांच्या वहीत आहे. पण पुढे भाजीचा हंगाम अंगावर आला. आमच्याकडे तेव्हा सगळी कामं सावडीनं चालत. आज तुम्ही माझ्या वावरात, उद्या मी तुमच्या. आणि ज्या घराची पाळी त्या घरातून कोणी ना कोणी गेलं पाहिजे. बाप आला नाही तर लेक, नवरा आला नाही तर बायको, हात पोचले की सावड फिटली. मामांना वाटलं वर्गाचंही तसंच असणार. आपण वावरात अडकलो, तर आपल्या मशीनवर घरचं माणूस बसलं म्हणजे झालं. त्यांनी बेलाशक मामीला एसटीत बसवून दिलं.

शिवणमास्तरांनी अर्थातच हरकत घेतली. मामा रविवारी बाजाराच्या निमित्ताने त्यांच्या घरी गेले आणि सावडीची सगळी रीत त्यांना समजावून आले. मास्तर मूळचे शहरातले. त्यांना ती कितपत समजली कोण जाणे, पण वर्गातली माणसं गळत होती, मशीन रिकामं ठेवण्यापेक्षा बरं, असा विचार त्यांनी केला असावा. अशा रीतीने हजेरी मामांची लागू लागली आणि शिवण मामी शिकू लागली. संध्याकाळी ती परत आली की मामा ओसरीवर वही घेऊन तिच्यासमोर बसत आणि त्या दिवशीचा धडा समजून घेत. मामी घरात कधी चार वाक्यं सलग बोलली नसेल, ती आता कॉलरला अस्तर कसं द्यायचं हे तासभर सांगायची. तिच्या हातात कला होती. तिच्या काजाला मास्तर भिंग लावून पाहत आणि इतरांना दाखवत. शेवटी त्यांनी सांगितलं, उंद्रीत बायांसाठी शिवणवर्ग काढायचा आहे, दाखला असलेली बाई मिळाली तर तिलाच शिकवायला नेमतील. हे ऐकून आल्यावर मामी दोन दिवस आपल्याशीच हसत होती.

आणि मग कळलं की परीक्षेला बुलढाण्याहून साहेब येणार, आणि हजेरीपटावर तर मामांचं नाव. मास्तर घाबरले. त्यांनी विचारपूस करून निरोप धाडला की ज्याचं नाव आहे त्याने स्वतः येऊन, साहेबांसमोर उभं राहून, हे दिवस बायकोचे आहेत असं तोंडानं सांगितलं तरच तिला परीक्षेला बसता येईल. मी लेखी अर्ज द्यायला तयार होतो, पण अर्ज चालणार नव्हता. निरोप ऐकून मामा मळ्यात निघून गेले.

परीक्षेच्या दिवशी सकाळी बैलाचा खूर दुखू लागला. मामा गोठ्यात बसले ते बसलेच. मामी इरकली लुगडं नेसून दारात आली. तिच्या हातात वर्गाची कैची होती. "मी जाऊन राह्यली," ती म्हणाली. "कैची परत देऊन येतो." आवाजात राग नव्हता, म्हणून ते फार लागलं. ती स्टँडच्या वाटेला लागली, मीही तिच्या मागे निघालो. गाडी सुटता सुटता मामा धावत आले. अष्टगंध नाही, वही नाही, पायाला गोठ्यातलं शेण तसंच. गाडीत जागा रिकामी असून ते चिखलीपर्यंत दांडा धरून उभे राहिले.

साहेब चष्म्याआडून पाहत म्हणाले, "नाव?"

सगळी मशीनं थांबली. मागे कोणीतरी खुदकन हसलं. आता मीच सांगून टाकावं असं मनात आलं, तोच ते बोलले.

"साहेब, एक महिना मी आलो अन् तीन महिने ही आली. कॉलर हिनं लावली, काज हिनं केले. माह्यं नाव काढून टाका अन् हिचं लिवा."

"म्हणजे तुमचं शिकणं वाया गेलं."

"नाई. मी घरी शिकलो ना, हिच्यापाशी."

साहेबांनी मामीला मशीनवर बसायला सांगितलं. आपलं नाव मात्र मामांनी तेव्हाही सांगितलं नाही. साहेबांनी ते हजेरीपटावरून वाचून खोडलं.

मामी पहिली आली. उंद्रीत चावडीशेजारच्या खोलीत तिचा वर्ग सुरू झाला आणि त्यात पहिला अर्ज आला तो मामांचा. तोही मीच लिहिला. बायांचा वर्ग असून कोपऱ्यातलं एक मशीन त्यांना मिळालं. दर वर्षी ते नव्याने नाव घालत, आणि दर वर्षी परीक्षेच्या दिवशी मळ्यात जात. मी एकदा मामीला म्हटलं, तुझ्याच वर्गाची परीक्षा, आता तरी बसव त्यांना. ती म्हणाली, "परीक्षा देली तं शिकनं सरून जाईन त्याइचं. राहू द्या."

हजेरीपटावर पहिलं नाव मामांचं असे. नवऱ्याचं नाव घ्यायचं कसं, म्हणून मामी नुसती मान वर करून कोपऱ्याकडे पाही, मामा "हजर" म्हणत, आणि मग ती दुसरं नाव वाची. मामांना जाऊन आता बरीच वर्षं झाली. मध्यंतरी उंद्रीला गेलो, तेव्हा वर्ग भरत होता. मामीने हजेरीपट उघडला, मान वर केली, कोपऱ्याकडे पाहून जरा थांबली आणि मग पहिलं नाव वाचलं. नव्या पोरींना वाटतं, बाईंना चष्मा बसवायला वेळ लागतो.