तांबडीचा उजवा डोळा

लोक त्याला ‘बडबडे’ म्हणत, कारण दिवसभरात त्याच्या तोंडून शब्द फुटेल तर शपथ. तो बेकरीची पावाची गाडी हाकायचा आणि तिथेही बोलायचं काम नव्हतं. तांबडी घोडी प्रत्येक दुकानापाशी आपणहून थांबे, ट्रे उतरले की आपणहून निघे. “गाडी तीच चालवते, हा नुसता वजनाला बसतो,” असं बेकरीवाला म्हणायचा, आणि त्यात फारसं खोटं नव्हतं. घरीही तीच तऱ्हा. स्वयंपाक कसा झालाय म्हणून बायकोनं विचारलं, तर हा ताट रिकामं करून उठायचा. ते उत्तर समजायचं.

तांबडीचा उजवा डोळा सुजून बंद झाला, तेव्हा जनावरांच्या डॉक्टरीणबाईंनी मलम दिलं आणि घालूनही दाखवलं. “काका, या बाजूनं तिला दिसत नाहीये. आधी बोला, बोलत बोलत मानेवर हात ठेवा. मग मनगट गालाच्या हाडावर टेकवा. तिनं डोकं झटकलं तरी हात तिच्याबरोबर हलेल, मलमाची नळी डोळ्यात घुसणार नाही.”

सुरुवातीला बायको शेजारी उभी राहून घोडीशी बोलायची, हा मलम घालायचा. सगळं सुरळीत होतं. मग बायको बहिणीच्या बाळंतपणाला गेली. जाताना बजावून गेली, “अहो, तोंड उघडा जरा. जीभ झिजत नाही.”

पण घोडीशी बोलायचं तरी काय? शेजारचे हसतील. शिवाय तांबडी आपल्याला ओळखते, हा तोरा होताच. नळी दिसली नाही तर बिचकणार नाही, असा हिशेब करून तो सुजलेल्या बाजूनं चोरपावलांनी गेला. थंड टोक पापणीला लागलं आणि तांबडीनं मान हिसडली. त्याचा हात अधांतरीच होता.

डोळा गेला. डॉक्टरीणबाई रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर त्याला बरं वाटलं असतं.

आता ती जागा रोज कोमट पाण्यानं पुसावी लागे, आणि उजवीकडून कुणी आलं की तांबडी थरथरे. तिला फक्त त्याचा आवाज चाले. म्हणून तो तबेल्याच्या दारापासूनच बोलू लागे. “मीच आहे गं. चुकलं माझं.” पण एवढ्यानं पुरत नसे. मग रस्त्याचं, बेकरीचं, पावसापाण्याचं बोले. तेही संपलं की पोटातलं निघे.

एकदा बायको पाणी घेऊन आली, तर तो सांगत होता, “आपलं पोर गेलं, त्या दिवशी तूच दुकानं लक्षात ठेवलीस. मला रस्ताच दिसत नव्हता बघ.”

त्या दिवशीही हा पाव पोचवायला गेला होता. या माणसाला काळीज नाही, असं बायकोनं तेव्हाच ठरवून टाकलं होतं.

“हे मला का नाही सांगितलंत कधी?”

तो दचकून गप्प झाला. तेवढ्या शांततेनंही तांबडीनं मान उंचावली, अंग थरथरू लागलं.

“बोला, बोला तिच्याशी,” बायको घाईनं म्हणाली, आणि पाण्याचं भांडं खाली ठेवून घरात गेली.